खुन्याचं क्रियापद

कॉम्रेड ब्लोखिन यांनी त्या सकाळी व्हिस्कीच्या अकरा बाटल्या चाखल्या आणि अकराही बाटल्यांत त्यांना थंड चहाच लागला. सातव्या बाटलीनंतर आमच्या कपडेपटातल्या ग्लाशा मावशीनं विचारलं, "साखर आणू का, कॉम्रेड?" ते हसले नाहीत. रुमालानं ओठ टिपले आणि वहीत काहीतरी लिहिलं.

ऑक्टोबर शहाऐंशीची ही गोष्ट. ओडेसाहून आमचं युनिट क्रिमियाच्या किनाऱ्यावर आलं होतं. कड्याच्या टोकावरच्या एका जुन्या हवेलीत सहा आठवडे आमचं शूटिंग चाललं होतं. एक जुनी इंग्रजी खुनाची कादंबरी होती. आमच्या आईवडिलांनी तिची पानं सुटेपर्यंत ती हातोहात फिरवून वाचलेली. तिच्यावर आता रशियन भाषेत चित्रपट होत होता, आणि आम्हा सगळ्यांच्या अंगात जणू वारं शिरलं होतं. जेवणात रोज तीच बकव्हीटची लापशी आणि तळलेले बारके मासे, खोल्यांत गरम पाणी नाही, पण तक्रार कोण करतो? सकाळी ट्वीडचे कोट चढवले की आमचे नट एकमेकांना 'सर' म्हणत आणि संध्याकाळपर्यंत त्यातला कोणीतरी मरत असे. रोज नाश्त्याला एकच प्रश्न, "आज कोण मरणार?"

मी तेव्हा सत्तावीस वर्षांची होते. नाव नोन्ना, काम टंकलेखनाचं. पटकथा, रोजचे बदल, उद्या कोणी किती वाजता हजर राहायचं ते सांगणारे कॉलचे कागद, सगळं माझ्या मशीनवर व्हायचं. युनिटबरोबर बाहेर जाण्याची माझी ती पहिलीच वेळ. दिग्दर्शक गेरमान लुक्यानोविच यांना मात्र आठ वर्षांनी चित्रपट मिळाला होता. मधली आठ वर्षं का रिकामी गेली ते कोणी विचारत नसे आणि ते सांगत नसत. पण कॅमेऱ्याला डोळा लावला की हा पन्नाशीचा माणूस शाळा सुटलेल्या पोरासारखा दिसायचा.

आणि मग ब्लोखिन आले. वरच्या ऑफिसातून, काळ्या गाडीतून, काखेत एक फाइल घेऊन.

फाइलमध्ये तीन निनावी पत्रं होती. आमच्या युनिटबद्दल. व्हिस्कीच्या बाटल्यांत खरी ब्रँडी असते, हा त्यातला पहिला आरोप. त्या वर्षी दारूविरुद्ध मोहीम इतकी जोरात होती की तेवढ्यावर चित्रपट बंद पडू शकला असता. चहानं तो आरोप निकालात काढला. राहिला दुसरा, की दिग्दर्शक परदेशी श्रीमंतीचं कौतुक करतात आणि माणसांना जनावरासारखं राबवतात. ब्लोखिननी चष्मा लावला आणि हवेलीच्या दिवाणखान्यात, सगळ्यांसमोर, शेवटचं पत्र वाचलं.

"'बरंच काही माझ्या कानावर आलं आहे. काही डोळ्यांना दिसलंही आहे. आता गप्प राहणं जिवाला झेपत नाही, म्हणून हे कळवणं भाग पडत आहे.'" त्यांनी कागद उजेडाकडे धरला. "पत्र मशीनवर लिहिलंय. इथलं 'झ' हे अक्षर रेषेच्या वर उडी मारतं. तुमच्या रोजच्या कॉलच्या कागदांवरही तेच 'झ' तशीच उडी मारतंय. हे मशीन कुणाचं?"

माझं होतं. चाळीस माणसं माझ्याकडे वळली. कॅमेरामन, मेकअपवाल्या, कालपर्यंत मला बशीतला शेवटचा बिस्किटाचा तुकडा देणारा लाइटमन. सगळे.

"नोन्ना?" गेरमान लुक्यानोविच म्हणाले. रागावून म्हणाले असते तर बरं झालं असतं.

"मी नाही," मी म्हटलं. "मशीन दिवसभर मेकअपच्या खोलीत उघडं असतं. कोणीही..."

"कोणीही म्हणजे कोण?" ब्लोखिन म्हणाले. "मी संध्याकाळी पाचला निघतोय. तोवर पत्र लिहिणारा समोर आला नाही, तर टंकलेखिका माझ्या गाडीतून येईल आणि चौकशी संपेपर्यंत शूटिंग थांबेल. सोपं आहे."

सोपं होतं खरं. चौकशी म्हणजे डिसेंबर, आणि डिसेंबरात ही हवेली आम्हाला कोण देणार? चित्रपट संपला असता. आणि मी? चुगली करणारी टंकलेखिका म्हणून एकदा नाव झालं की ओडेसाच काय, व्लादिवोस्तोकपर्यंत कुठल्या युनिटनं मला दारात उभं केलं नसतं.

पण शूटिंग तर करायचंच होतं. चित्रपटातला आमचा इन्स्पेक्टर झालेला नट, युवेनाली सेर्गेयेविच, दुसऱ्या दिवशी लेनिनग्राडला नाटकात उभा राहणार होता. त्याचं विमान संध्याकाळचं. त्याचा एकच प्रसंग राहिला होता आणि चित्रपटाचा कणा तोच होता. शेकोटीजवळ उभं राहून इन्स्पेक्टर खुन्याची चिठ्ठी सगळ्या पाहुण्यांना मोठ्यानं वाचून दाखवतो.

मी चिठ्ठी त्याच्या हातात दिली. युवेनाली सेर्गेयेविचनं घसा साफ केला. त्याचा आवाज असा की त्यानं जेवणाची यादी वाचली तरी बायका रडतील.

"'सात वर्षं मी या दिवसासाठी थांबलो,'" त्यानं वाचलं, आणि थांबला. "एक मिनिट. गेरमान, खुनी कोण आहे आपला?"

"अरे, पटकथा वाचलीस ना? मिस हार्लो. वाचनालयातली शांत बाई."

"बाई. मग 'थांबलो' कसं? 'थांबले' हवं."

गेरमान लुक्यानोविचनी चिठ्ठी त्याच्या हातातून घेतली आणि स्वतः वाचली. 

आता मला सांगा, ती पटकथा बारा जणांनी तपासली होती. मी स्वतः ती चार वेळा टाइप केली होती, प्रत्येक वेळी पाच कार्बन लावून. कोणाच्याही लक्षात आलं नव्हतं. इंग्रजीत ही भानगडच नाही, तिथे 'मी थांबलो' आणि 'मी थांबले' एकच. आमचा अनुवादक पुरुष. त्यानं सवयीनं पुरुषाचं क्रियापद घातलं आणि आम्ही सगळ्यांनी सवयीनं ते वाचलं. अनोळखी खुनी म्हटला की डोळ्यांपुढे मिशाच येतात.

"मग 'थांबले' कर," कॅमेरामन म्हणाला.

"वा! घरात बायका दोनच. त्यातली एक पहिल्या रिळातच मेलेली," गेरमान लुक्यानोविच ओरडले. "दहाव्या मिनिटाला सगळं थिएटर कोट घालून घरी जाईल!"

"तर मग 'थांबलो'च राहू दे."

"आणि शेवटी बाई निघाली की? लोक म्हणतील, खोटं बोललात. आपले लोक कसे आहेत माहीत आहे ना? बटणाचा रंग बदलला तर पोतंभर पत्रं येतात. इथे तर चित्रपटानंच फसवलं म्हणतील, आणि त्यांचं बरोबर असेल."

कोपऱ्यातल्या खुर्चीतून ब्लोखिन म्हणाले, "म्हणजे खुनी बाई आहे?"

"नाही!" आम्ही दहाएक जण एकदम ओरडलो.

"आत्ता हेच म्हणालात."

"तो एक पर्याय आहे, कॉम्रेड," गेरमान लुक्यानोविच म्हणाले. "आमच्याकडे बरेच पर्याय असतात."

घड्याळात सव्वाबारा वाजले होते. मग जी धांदल उडाली ती आठवली की मला आजही हसू येतं. त्या दिवशी अर्थात हसू येत नव्हतं. ज्याला त्याला चिठ्ठी लिहायची होती. आपापल्या वहीत, सिगारेटच्या पाकिटावर, एकानं तर मेलेल्या बाईच्या कफावर.

"'आम्ही' घाला," लाइटमन म्हणाला. "'आम्ही थांबलो.' त्यात कळत नाही पुरुष की बाई."

युवेनाली सेर्गेयेविचनं वाचून पाहिलं. "'आम्ही सात वर्षं थांबलो.' कोण थांबलं? झार? की अख्खी टोळी बाहेर झुडपात बसलीये?"

कॅमेरामननं क्रियापदंच काढून टाकली. "'सात वर्षं. वाट. अंधार. आज शेवट.'"

"ही तार आहे. वर 'आई सीरियस' तेवढं लिही."

गेरमान लुक्यानोविच माझ्याकडे वळले. सकाळपासून ते माझ्याशी पहिल्यांदाच बोलत होते. "नोन्ना, बस मशीनवर. तूच लिही. भाषा तुझ्या हाताखालून जाते रोज."

मी बसले. माझ्यामागे सगळे गोळा झाले, आणि मला कळत होतं की अर्धे जण चिठ्ठीकडे पाहत नाहीत, त्या उडणाऱ्या 'झ'कडे पाहताहेत. मी लिहिलं, 'इतकी वर्षं मी गप्प राहिले.'

"राहिले!" युवेनाली ओरडला.

मी खोडलं. 'मी इथे परत येणार हे ठाऊक असलेली...'

"असलेली!"

पुन्हा खोडलं. पाच वेळा लिहिलं आणि पाचही वेळा माझ्या बोटांनी मला बाई करून टाकलं. जन्मभर मी आले-गेले-बसले म्हणत आले, ती सवय एका दुपारी कशी सुटणार? शेवटी मी कागद ओढून काढला आणि रडकुंडीला आले.

तेव्हा ग्लाशा मावशी युवेनालीच्या कोटाचं बटण शिवत होती. ग्लाफिरा पेत्रोव्ना असं तिचं नाव, पण स्टुडिओत लहानथोर सगळे तिला ग्लाशा मावशीच म्हणत. कपड्यांचं खातं तिचं. साठीला टेकलेली, तोंडात कायम टाचण्या.

"रडू नको, पोरी," ती टाचण्यांमधूनच म्हणाली. "'मी'वर कशाला अडून बसलाय सगळे? 'मला' करा. 'सात वर्षं मला या दिवसाची वाट पाहावी लागली. या घराची पायरी पुन्हा चढणं नशिबात होतं, ते टळलं नाही. तुमच्यातलं एकही नाव माझ्या मनातून गेलेलं नाही. आता गप्प राहणं जिवाला झेपत नाही.' झालं. घ्या." आणि तिनं दातानं दोरा तोडला.

 मग गेरमान लुक्यानोविचनी तिचे दोन्ही गाल धरून तिचं चुंबन घेतलं. "मावशी! अगं तू लेखक आहेस!"

"लेखक कसली! आमच्या सामाईक घरातल्या चौदा जणांचे अर्ज तीस वर्षं मीच लिहिलेत."

टाळ्या वाजल्या. युवेनालीनं ते वाक्य आपल्या त्या आवाजात म्हटलं आणि शेकोटी पेटलेली नसतानाही अंगावर काटा आला. लाइट लावा, कोट आणा, तिकडे सरका, असा गलका उठला. मी एकटीच खुर्चीत बसून राहिले होते.

'आता गप्प राहणं जिवाला झेपत नाही.' सकाळी ब्लोखिननी हेच वाचलं होतं. शब्दाला शब्द. आणि मग माझ्या ध्यानात आलं की त्या अख्ख्या पत्रात 'मी गेलो' नव्हतं आणि 'मी गेले'ही नव्हतं. माझ्या कानावर आलं. डोळ्यांना दिसलं. कळवणं भाग पडत आहे. जे मला पाच वेळा जमलं नाही, ते त्या पत्रात सरळ धाग्यासारखं शिवलेलं होतं.

मी धावतच कपड्यांच्या खोलीत गेले. मावशी मिस हार्लोच्या काळ्या झग्याला इस्त्री करत होती.

"मावशी, ती पत्रं तू लिहिलीस."

इस्त्री थांबली नाही. "दार लाव," ती म्हणाली.

मी दार लावलं.

"मात्वेईला ऑगस्टात झटका आला," ती म्हणाली. मात्वेई तिचा नवरा. "उजवा हात गेलाय. शेजारीण त्याला सूप भरवते, पण तिची स्वतःची तीन पोरं. दोनदा रजा मागितली मी. दोन्ही वेळा हा आपला दिग्दर्शक म्हणाला, चित्र संपल्यावर. सोडून जावं तर कामावरून काढतील, आणि पेन्शनला अकरा महिने राहिलेत माझ्या. मग म्हटलं, चित्रच बंद पडलं तर? सगळेच घरी जातील. कुणाचं काय वाईट होतंय?"

"माझ्या मशीनवर लिहिलंस."

"जवळ होतं म्हणून. तुझ्यावर येईल असं डोक्यातसुद्धा आलं नाही गं. त्या मेल्या 'झ'कडे मी कधी बघितलंच नव्हतं." आता तिनं इस्त्री उभी केली. "जा, सांग त्यांना."

मला सांगायचं होतं, अगदी मनापासून. त्या चाळीस नजरा माझ्या पाठीला अजून टोचत होत्या. पण तोंडातून भलतंच बाहेर पडलं.

"मी नाही सांगणार. चुगलखोर नाही हे सिद्ध करायला चुगली करू? गाडी पाचला आहे. तुझं तू बघ, मावशी."

आणि रागानं दार आपटून मी बाहेर आले. रागही खरा होता आणि दयाही खरी होती. सत्ताविसाव्या वर्षी दोन्ही एकदम पेलत नाहीत.

सव्वातीनला कॅमेरा सुरू झाला. पाहुणे अर्धवर्तुळात बसले, युवेनाली शेकोटीशी उभा राहिला, आणि ब्लोखिन त्यांच्या खुर्चीसकट तीन हात पुढे सरकले. पहिल्या टेकला पडदा हलला. दुसऱ्याला लाकूड फटकन वाजलं. तिसऱ्या टेकला युवेनालीनं चिठ्ठी उलगडली, वाचली, आणि 'एकही नाव माझ्या मनातून गेलेलं नाही' म्हणताना एकेका चेहऱ्यावरून अशी नजर फिरवली की कॅमेऱ्यामागे उभी असलेली मीसुद्धा दचकले. मिस हार्लो तेवढी शांतपणे विणकाम करत बसली होती.

"कट! झालं! झालं!" गेरमान लुक्यानोविच नाचायचेच बाकी होते.

ब्लोखिन उठले. "तो डॉक्टर," ते हळूच मला म्हणाले. "त्यानं डोळे खाली घातले. तोच ना?" मग आपण कोण आहोत हे त्यांना आठवलं असावं. त्यांनी घड्याळ पाहिलं आणि आवाज कडक केला. "पाचला दहा कमी. कोणी पुढे येतंय? नाही? मग टंकलेखिकेनं आपलं सामान घ्यावं."

मी बॅग उचलली. 

"ती नाही येणार," मागून आवाज आला. मावशी दारात उभी होती. टाचण्या तोंडात नव्हत्या, त्यामुळे तिचा चेहरा अनोळखी वाटत होता. "मी येते. तिन्ही दिवस जेवणाच्या सुट्टीत मीच त्या मशीनवर बसले. मीच पोस्टापर्यंत चालत गेले, मीच पेटीत पत्र टाकून आले. हिला काही माहीत नव्हतं."

बसले, गेले, आले. त्या दिवशी एवढं उघडं क्रियापद पहिल्यांदाच कोणाच्या तोंडून निघत होतं.

गेरमान लुक्यानोविच तिच्यासमोर जाऊन उभे राहिले. त्यांची मान लाल झाली होती. "ग्लाशा मावशी, तू? का?"

"मात्वेईसाठी. सांगितलं होतं तुम्हाला. दोनदा."

"कधी?"

"एकदा तुमचा डोळा कॅमेऱ्याला होता. एकदा कान फोनला."

त्यांना ते आठवत असावं. ते कपाळ चोळत राहिले, आणि मला पहिल्यांदाच ते त्यांच्या वयाचे दिसले.

"तर मग," ब्लोखिन म्हणाले आणि खुर्चीत परत बसले. फाइल उघडली, पत्रं मांडीवर ठेवली.  "इथे एक अडचण आहे. सही नसलेल्या पत्रावर मला चौकशी करावी लागते. सही असलेल्या पत्रावर फक्त लेखी उत्तर द्यावं लागतं, एका महिन्याच्या आत. तुमचं पूर्ण नाव काय?"

"ग्लाफिरा पेत्रोव्ना द्याचूक."

"इथे करा सही. तिन्हीवर. आणि खाली लिहा, 'तक्रार मागे घेतली.'"

मावशीनं पेन घेतलं. "मागे घेतली की मागे घेण्यात येत आहे?"

कोणीतरी फिसकन हसलं, आणि मग सगळेच हसले, अगदी मिस हार्लोसुद्धा. ब्लोखिनही. त्यांना हसता येतं हे तेव्हा कळलं.

पुढचं सगळं दहा मिनिटांत घडलं. गेरमान लुक्यानोविचनी माझ्याच मशीनवरच्या कोऱ्या कागदावर तिच्या रजेचा अर्ज स्वतःच्या हातानं लिहिला आणि स्वतःच मंजूर केला. कोणीतरी तिचं गाठोडं बांधलं, कोणीतरी त्यात मात्वेईसाठी द्राक्षं घातली. युवेनालीही त्याच गाडीतून विमानतळावर जाणार होता. "ओडेसाच्या तिकिटाचं मी बघतो," तो म्हणाला. "खिडकीवरच्या बाया माझा आवाज ऐकला की विमान थांबवून ठेवतात." मावशी गाडीत बसण्याआधी माझ्याजवळ आली. माझ्या कॉलरला लागलेला दोरा तिनं काढला.  आमचं पुन्हा नीट बोलणं सुरू व्हायला पुढचा वसंत उजाडला.

गाडी सुरू झाली तशी ब्लोखिननी काच खाली केली. "आता मी सरकारी कामावर नाही," ते म्हणाले. "तेवढं सांगा. पुरुष की बाई?"

आम्ही चाळीस जण आकाशाकडे बघत उभे राहिलो. गाडी वळणाआड गेली.

लाइटमन माझ्याजवळ आला आणि त्यानं माझी बॅग माझ्या हातातून काढून घेतली. माफी वगैरे मागितली नाही, बॅग मात्र थेट माझ्या खोलीपर्यंत नेली.

"नोन्ना," गेरमान लुक्यानोविच म्हणाले, "तुला इस्त्री येते?"

"नाही, गेरमान लुक्यानोविच."

"मग आत्ताच्या आत्ता शीक. उद्या सकाळी सातला सात इंग्रजांना कडक कॉलर हव्यात, आणि त्यातल्या एकाला मरायचंय."

मी शिकले. दुसऱ्या दिवशी जो डॉक्टर मरतो, त्याची कॉलर डाव्या बाजूला जराशी जळलेली आहे. चित्रपट लागतो तेव्हा मी अजून तिकडेच बघते.